एकाच गाण्याचे मामू

शुक्रवार, जानेवारीचा दुसरा आठवडा. ठिकाण: सौदीतलं अल-खोबर, आमच्या फ्लॅटची बैठकीची खोली. वेळ: जुम्म्याची नमाज झाल्यावर. हजर: मामू, मामी, आमच्या वॉर्डची मल्याळी सिस्टर, हाडांचे डॉक्टर, माझे यजमान, आमची मुलगी आणि मी. गैरहजर: फिलिपिनो सिस्टर, ड्यूटीमुळे, तिचं रेकॉर्डिंग आधीच पोचलेलं. काम: एक गाणं, प्रत्येकाने एकदा म्हणायचं.

हे सगळं त्या दिवशी आमच्या फ्रीजवर लावलेल्या कागदावरून उतरवून घेतलं आहे. कागद लावल्याशिवाय मला काम सुचत नाही. हॉस्पिटलमध्ये नर्सिंग इनचार्ज म्हणून इतकी वर्षं काढल्यावर घरीही तीच सवय लागते. यजमान म्हणतात, हिने आमच्या लग्नाचीही चेकलिस्ट केली असती. केली होती. त्यांना दाखवली नव्हती इतकंच.

मामू कोण, ते आधी सांगते. ते आमच्या स्टाफ बसचे ड्रायव्हर. रत्नागिरीकडचे, खाडीकाठच्या गावचे. त्यांचं नाव इकाम्यावर, म्हणजे इथल्या रहिवासी परवान्यावर, लिहिलेलं होतं, पण ते इकामा तपासणारा पोलीसच काय तो वाचायचा. बाकी सगळ्यांचे ते मामू होते. आमच्या इजिप्शियन सुपरवायझरचेसुद्धा, आणि त्याला तर तेच त्यांचं नाव वाटायचं. उंच, सडपातळ, मेंदी लावलेली दाढी, कडक इस्त्रीचा शर्ट, आणि शर्टाच्या खिशात दोन पेनड्राइव्ह. एक बिघडला तर दुसरा असावा म्हणून. दोन्हींवर एकच गाणं.

एकच म्हणजे खरोखर एकच. वेगवेगळ्या गायकांनी गायलेलं, वेगवेगळ्या काळात रेकॉर्ड झालेलं, पण गाणं तेच. त्यांच्या किनाऱ्यावर लग्नघरात बायका म्हणतात ते. नवरा होडी घेऊन गेलाय, परत यायची वेळ टळून गेलीय, आणि घरात बायको म्हणते:

भरती आली, होडी नाय आली,
तव्यावरची भाकर गार झाली,
भाकर काय रे, दुसरी भाजीन,
माझ्याशी भांडाया कुणाला आणीन?

हे कडवं फिरून फिरून येतं. मधली कडवी ज्याची त्याने आपापली घालायची. मामूंच्या मते जगातलं सगळं प्रेम या चार ओळींत आटपलेलं होतं, आणि बाकीच्या गाणाऱ्यांनी उगाच वेळ घालवला होता.

गायकांची नावं ते घेत नसत. पहिली म्हणजे 'रेडिओवाली'. जुन्या काळी एका बाईने पेटीवर सावकाश म्हटलेलं. मग 'ऑर्केस्ट्रावाला'. त्याने सुरुवातीला बोटीचा भोंगा घातला होता. "होडीला भोंगा असतो काय?" मामू विचारत. "ही बाय वाट बघतेय ती होडीची. ह्याने जहाज आणलं." मग 'बँडवाले', नुसती वाजवलेली चाल, वरातीसाठी. मग 'मुंबईवाला'. त्याच्यावर मामूंचा विशेष राग होता, कारण त्याने शेवटची ओळ बदलून 'तुझी रे प्रीती कुठून आणीन' अशी केली होती.

"प्रीती काय, कुठं पण मिळते," मामू म्हणत. "भांडायला माणूस समोर लागतो."

त्यांची मापं मासळी बाजारातली होती. रेडिओवाली ताजी. ऑर्केस्ट्रावाला बर्फातला. मुंबईवाला डब्यातला. एका मुलाने त्या गाण्याचं डीजेवर काहीतरी केलं होतं. त्यात 'भाकर भाकर भाकर' एवढंच ऐकू यायचं. ते सुकं. "पण सुकं पण लागतं कधीकधी," असं म्हणून तेही त्यांनी ठेवलं होतं. टाकून देणं त्यांच्या स्वभावात नव्हतं.

स्वतः मात्र ते कधी गात नसत. गुणगुणतसुद्धा नसत. विचारलं तर म्हणत, "ड्रायव्हरने गाऊ नये. पॅसेंजर घाबरतात."

मी इनचार्ज झाले त्याच महिन्यात माझ्या टेबलावर बसमधल्या सिस्टर्सची तक्रार आली. सकाळच्या बसमध्ये रोज एकच गाणं लागतं, ते बदलावं. तक्रार रास्त होती. मी मामूंना बोलावलं आणि स्पष्ट सांगितलं, "मामू, रोज वेगळं लावायचं. मी आठवड्याचं वेळापत्रक करून देते."

"द्या," मामू म्हणाले. "वेळापत्रक असलं की बरं पडतं."

मी रविवार ते गुरुवार रकाने आखून दिले आणि ते त्यांनी भरायचे असं ठरलं. दुसऱ्या दिवशी कागद ड्रायव्हरच्या सीटमागे चिकटवलेला होता. रविवार, रेडिओवाली. सोमवार, बँडवाले. मंगळवार, ऑर्केस्ट्रावाला. बुधवार, मुंबईवाला, आणि पुढे कंसात 'नाइलाजाने'. गुरुवार, डीजे, कारण पुढे सुट्टी.

मी चिडून बसमध्ये चढले. "मामू, मी वेगळं म्हटलं होतं."

"सगळी वेगळी आहेत, सिस्टरबाय. ऐकून बघा."

ऐकावं लागलंच, बस चालू झाली होती. महिनाभरात सिस्टर्सचे गट पडले. केरळच्या मुली रेडिओवालीच्या बाजूने, फिलिपिनो मुली ऑर्केस्ट्राच्या, कारण त्यांना भोंगा आवडला. एका बुधवारी मामूंनी मुंबईवाल्याला रजा दिली तर तक्रार आली की वेळापत्रक पाळलं जात नाही. त्यानंतर मी त्या विषयात लक्ष घालणं सोडून दिलं.

या सगळ्यामागची गोष्ट मामू नव्या प्रत्येक सिस्टरला सांगत. हिंदीत सांगत, हात स्टिअरिंगवरून न काढता. तरुणपणी ते एका लग्नाला गेले होते. हळदीला त्यांच्याकडे बायका आतल्या खोलीत बसून गातात आणि पुरुष बाहेर मांडवात. दार लोटलेलं. मांडवात बसलेल्याला फक्त आवाज. आतून हे गाणं आलं, एका मुलीने म्हटलेलं, आणि मामू म्हणाले, "बस, खलास." थोड्या वेळाने दार उघडलं आणि हिरवी ओढणी घेतलेली एक मुलगी ढोलकी काखेत मारून बाहेर आली. मामूंनी आईला सांगितलं, हीच. पुढच्या हंगामात निकाह झाला. त्याच्या पुढच्या हंगामात मामू सौदीला आले.

"और वो गाना?" नवी सिस्टर विचारायची.

"उसके बाद उसने कभी नहीं गाया," मामू सांगायचे, आणि गिअर बदलायचे.

ही खरी गोष्ट होती. मामींनी लग्नानंतर ते गाणं त्यांना एकदाही म्हणून दाखवलं नव्हतं. मामू मात्र मागणं सोडत नव्हते. सकाळी बस सुरू करायच्या आधी ते फोन स्पीकरवर लावून मामींशी बोलत, आणि आम्ही पहिल्या सीटवर बसणाऱ्या बायका ते बोलणं रोज ऐकत असू.

"काय गो, उठलीस?"

"तुमच्या आधी उठले. तिथं सूर्य उशिरा उगवतो."

"मग गातेस?"

"आधी घरी या, मग गाते."

"फोनवर गा की."

"भाकर करपते. ठेवा."

सुट्टीवर घरी गेले की मामी म्हणायच्या, घरात माणसं आहेत, माणसांसमोर कशी गाऊ. माणसं नसली की घसा बसलेला असायचा. सुट्टी संपायची. नवं रेकॉर्डिंग मिळालं की मामू फोन बसच्या स्पीकरसमोर धरून मामींना ऐकवत. मामी शेवटपर्यंत ऐकून घ्यायच्या आणि म्हणायच्या, "ठेका पळतोय." किंवा "ठेका बसलाय." आवाज कसा आहे याबद्दल त्या कधी काही बोलल्या नाहीत. माझ्या ते तेव्हा लक्षात आलं नाही.

मामूंबद्दल सांगताना बत्हाचा किस्सा सोडून चालणार नाही. माझं रियाधला कागदपत्रांचं काम होतं. हॉस्पिटलने गाडी दिली आणि मामूंना दिलं. काम आटोपून आम्ही बत्हात, तिथल्या परदेशी कामगारांच्या बाजारपेठेत, एका खाणावळीत जेवायला शिरलो. गर्दी, टेबलांवर स्टीलचे पेले, पलीकडे पैसे पाठवणाऱ्यांची रांग. बिर्याणी आली. मी पहिला घास घेतला. मामूंनी घेतला नाही. ते मान वाकडी करून स्वयंपाकघराच्या दिशेने ऐकत होते.

"मामू, जेवा."

"गप बसा जरा, सिस्टरबाय."

ते उठून सरळ आत गेले. आत एक आचारी मासे तळता तळता तीच चाल गुणगुणत होता. रायगडकडचा निघाला, श्रीवर्धनच्या बाजूचा. मामूंनी त्याच्यासमोर फोन धरला. तो लाजला. मामू हलेनात. बाहेर गिऱ्हाईक ओरडायला लागलं, मालक गल्ल्यावरून "यल्ला, यल्ला", म्हणजे आटपा, आटपा, करायला लागला. शेवटी त्या माणसाने सुटका करून घेण्यासाठी झारा हातात धरूनच गाणं म्हटलं. त्याने घातलेलं मधलं कडवं मामूंनी कधी ऐकलेलं नव्हतं. मामू बाहेर आले तेव्हा त्यांचे डोळे लाल झाले होते. तळणीच्या धुराने, असं ते म्हणाले. मालकाने आमच्याकडून बिर्याणीचे जरा जास्तच पैसे घेतले. मामूंनी हुज्जत घातली नाही. परतीच्या रस्त्यावर खोबरजवळच्या धाहरानच्या पाट्या दिसेपर्यंत आम्ही 'तळणीवाला' ऐकत आलो. मागे चर्र चर्र आवाज, मध्येच मालकाचा यल्ला.

"ताजा?" मी विचारलं.

"ताज्याच्या वर काय असतं?" मामू म्हणाले. "ते."

यानंतर मामूंची निवृत्ती जवळ आली. फायनल एक्झिटचे, म्हणजे कायमचं मायदेशी परतण्याचे, कागद सुरू झाले. पूर्वी ड्रायव्हरच्या इकाम्यावर बायकोला आणणं जमत नसे, म्हणून मामींनी सौदी कधी पाहिलंच नव्हतं. आता व्हिजिट व्हिसा सोपा झाला होता. मामूंनी ठरवलं की जाण्याआधी मामींना बोलवायचं, मक्केला नेऊन उमराह करून आणायचं, आपली बस दाखवायची, आणि आमच्या सगळ्यांसमोर ते गाणं त्यांच्याकडून म्हणून घ्यायचं. त्यांच्या पेनड्राइव्हवर तेवढंच एक कमी होतं.

"सिस्टरबाय, कार्यक्रम तुम्ही आखा," ते म्हणाले. "सगळे गातील. सगळे गायले की तिला नाय म्हणता येणार नाय."

बेत चांगला होता. मी कागद घेतला.

मामींना आणायला मी आणि यजमान मामूंबरोबर दम्मामच्या विमानतळावर गेलो. गाडी लावून आत येऊन पाहतो तर मामू बाकीच्या ड्रायव्हरांच्या रांगेत उभे, हातात पाटी, पाटीवर मामींचं नाव इंग्रजीत आणि अरबीत. इतकी वर्षं नव्या सिस्टर्सना उतरवून घेताना जी सवय लागली ती. मामी बाहेर आल्या. ठेंगण्या, गोल, चालण्यात घाई. पाटीसमोर थांबल्या.

"मी चेहऱ्यावरून ओळखू येत नाय काय?"

"तू मला ओळखशील याची खात्री नव्हती," मामू म्हणाले.

"दाढी कशाने रंगवली? शेजारच्या कोंबड्याची शेपटी दिसते."

गाडीत बसताक्षणी मामू म्हणाले, "आता आलीस. गा." मामी म्हणाल्या, "आधी पाणी द्या." मग त्यांनी खिडकीबाहेर बघायला सुरुवात केली आणि खोबर येईपर्यंत वळून पाहिलं नाही.

तर तो शुक्रवार. मामींनी हट्टाने माझ्या स्वयंपाकघराचा ताबा घेतला. तांदळाच्या भाकऱ्या त्यांच्या हातच्या, कालवण माझं. बाहेर यजमान माइक लावत होते. हे अबकैकच्या तेलाच्या प्लांटमध्ये मेंटेनन्सला आहेत. घरातही कुठून आवाज येतो याचा शोध घेत असतात. फ्रीजची घरघर रेकॉर्डिंगमध्ये येईल म्हणून त्यांनी फ्रीज बंद करून टाकला. मी कागदावर लिहिलं: फ्रीज चालू करणे.

मामी भाकरी थापत होत्या. थापण्याचा आवाज इतका नेमका पडत होता की मुलगी दारात उभी राहून बघत होती. मग मामी मला म्हणाल्या, "सिस्टर, त्या कागदावर माझा नंबर कितवा?"

"शेवटचा."

"खोडून टाका."

"का हो मामी?"

त्यांनी दाराकडे पाहिलं, मुलीला पाणी आणायला पाठवलं, आणि हलक्या आवाजात म्हणाल्या, "मला गाता येत नाय."

"लाजू नका. डॉक्टरही गाणार आहेत."

"लाजत नाय हो. येतच नाय. त्या हळदीला गायली ती माझी थोरली बहीण. मी ढोलकीवर होते. ढोलकी परत द्यायला बाहेर आले, तर हे माणूस मांडवात बसलेलं. ह्यांच्या आईने विचारलं, आत गाणारी हीच काय? मी म्हटलं, हो."

"का म्हणालात?"

मामींनी भाकरी तव्यावर टाकली. "तुम्ही ह्यांना तेव्हा बघितलं असतं तर तुम्ही पण हो म्हटलं असतं."

हसू आवरायला मला सिंककडे तोंड करावं लागलं. मामी हसत नव्हत्या. "आवाज ऐकून लग्न केलं, असं सगळ्या सौदीला सांगत फिरतात. एवढी वर्षं मी टाळलं. आता म्हातारपणी ह्यांना कळलं, की आपल्याला भलतीच मिळाली, तर काय वाटेल त्यांना? ह्या एका गाण्यावर माणूस एकटं राहिलं इथं."

हा प्रश्न माझ्या आवाक्यातला नव्हता. मी माझ्या आवाक्यातलं केलं. कागदावरचा क्रम बदलला. आधी सगळ्यांची गाणी, मग जेवण, मग चहा, मग मामी. "तुमच्या भाकऱ्या आणि माझं कालवण पोटात गेलं की सगळे पेंगतील," मी म्हटलं. "मामूंना तर जेवल्यावर दहा मिनिटं लागतात. मी स्वतः बघते."

मामींनी पिठाच्या हाताने माझा दंड दाबला.

गाणी सुरू झाली. डॉक्टर नागपूरचे, त्यांनी प्रत्येक ओळ प्रिस्क्रिप्शन समजावून सांगावं तशी म्हटली, भाकर सकाळ-संध्याकाळ घ्यायची असल्यासारखी. मामू म्हणाले, "बर्फातलं, पण चांगल्या बर्फातलं." मल्याळी सिस्टरने डोळे मिटून गायलं. रोज बसमध्ये ऐकून तिला मधली कडवीसुद्धा पाठ होती, आणि 'गार'चं तिने 'कार' केलं तरी कुणाला खटकलं नाही. फिलिपिनो सिस्टरचं रेकॉर्डिंग लावलं. भोंगा तिने तोंडाने काढला होता. यजमानांनी गायलं आणि मग माइकमध्येच काहीतरी दोष आहे असं जाहीर केलं.

मुलगी म्हणाली, "मामू, ये ब्रेकअप साँग है ना?"

"नाय बाय. ब्रेकअपवाल्याला दुसरी भाकर कोण भाजून देतं?"

ती गायला लागली तशी वेग पकडून धावत सुटली. तेव्हा मामी स्वयंपाकघरातून रिकामं पातेलं घेऊन आल्या, जमिनीवर बसल्या, पातेलं मांडीवर आडवं घेतलं आणि दोन हातांनी वाजवायला लागल्या. कुणाला काही सांगितलं नाही. मुलगी आपोआप सावकाश झाली. डॉक्टर मान हलवायला लागले. मग सगळ्यांनी मिळून म्हटलं, आणि त्या पातेल्यावर आमची ती विस्कळीत मंडळी एखाद्या होडीत बसल्यासारखी एका लयीत गेली. मी सहसा अशा गोष्टीत भाग घेत नाही. मीसुद्धा गात होते. मामू गात नव्हते. ते मामींच्या हातांकडे बघत होते.

मग जेवण, मग चहा. डॉक्टर पेंगले, यजमान पेंगले. मामू ताठ बसलेले. पेल्यातला चहा संपवून ते म्हणाले, "सिस्टरबाय, पुढचा नंबर कुणाचा?"

"मामू, फ्रीज बराच वेळ बंद आहे. आता..."

"फ्रीज राहू दे. नंबर सांगा."

मी मामींकडे पाहिलं. मामींनी ओढणी सारखी केली, आणि एखादं इंजेक्शन एकदाचं टोचून घ्यावं तशा ताठ बसल्या. "लावा तो माइक," त्या म्हणाल्या.

आणि त्यांनी गायलं. खरं सांगायचं तर ते वाईट होतं. पहिली ओळ एका उंचीवर सुरू झाली, दुसरी कुठल्या कुठे गेली, तिसरी शोधूनही सापडली नाही. ठेका मात्र पक्का होता. हात पातेल्यावर बिनचूक पडत होते आणि आवाज त्यांच्या भोवती वाट चुकून हिंडत होता. चार ओळी झाल्या. मल्याळी सिस्टर जमिनीकडे बघत होती. डॉक्टर खोकले.

"हे असं आहे," मामी म्हणाल्या. त्या मामूंकडे न बघता बोलत होत्या. "त्या हळदीला मी नव्हते गायले. माझी थोरली बहीण गायली. माझी ढोलकी होती. तुमच्या आईला मी खोटं हो म्हटलं. आता काय करायचं ते करा."

खोलीत सगळे मामूंकडे बघायला लागले. मामूंनी पेला खाली ठेवला.

"मला ठाऊक आहे," ते म्हणाले.

"काय ठाऊक आहे?"

"लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात तू मसाला वाटताना हे गुणगुणत होतीस. परसातली मांजर उठून गेली."

मामींनी पहिल्यांदा त्यांच्याकडे पाहिलं. "तेव्हापासून?"

"तेव्हापासून."

"मग इतकी वर्षं रोज फोनवर गा, गा करून माझा जीव का खाल्लात?"

"तू काय म्हणायचीस?"

"काय म्हणायची?"

"गा म्हटलं की तू काय म्हणायचीस?"

मामी थांबल्या. "आधी घरी या, मग गाते."

"ते ऐकायला," मामू म्हणाले.

मामींनी ओढणीचं टोक तोंडाला लावलं. त्या हसत होत्या की काय, ते मला बाजूने कळलं नाही. डॉक्टर चष्मा पुसायला लागले. यजमान माइकची वायर विनाकारण गुंडाळायला लागले. मुलीने विचारलं, "मम्मी, व्हॉट हॅपन्ड?" आणि मी तिला बशा आत न्यायला सांगितलं.

"मग जगाला खोटी गोष्ट का सांगत फिरता?" मामींनी नाक पुसून विचारलं. "आवाज ऐकला नि खलास."

"खरी सांगायची तर मध्ये तुझी बहीण आणावी लागते. गोष्ट लांबते. धाहरान येतं तरी संपत नाय." आणि पुढे म्हणाले, "तुझ्या बहिणीचा नवरा बघतेस ना? रोज गाणं ऐकतो. कसा सुकलाय."

आता सगळेच हसले. मल्याळी सिस्टरने धीर करून विचारलं, "मामू, फ्रेश या आइस?" मामींच्या गाण्याला कोणता दर्जा, असं तिला म्हणायचं होतं.

मामूंनी विचार केला. "ती अजून पोहतेय," ते म्हणाले. "धरायची नाय." आणि यजमानांना सांगितलं की ते रेकॉर्डिंग पेनड्राइव्हवर घालू नका, पुसून टाका. यजमान नाराज झाले. मामू ठाम राहिले. "ते आता घरी ऐकीन. रोज."

इथे कार्यक्रम संपायला हरकत नव्हती. मामींनी संपवू दिला नाही. त्यांनी पातेलं पुन्हा मांडीवर ओढलं आणि म्हणाल्या, "सगळ्यांनी गायलं. मी गायले. तुम्ही कुठं गायलात?"

"मी ड्रायव्हर आहे."

"बस खाली उभी आहे. गा."

मामूंनी माझ्याकडे पाहिलं. "सिस्टरबाय, माझं नाव कागदावर आहे काय?"

"आत्ता घातलं," मी म्हटलं, आणि घातलं.

मामी ठेका धरून थांबल्या. त्या कडक इस्त्रीच्या माणसाच्या कपाळावर, जानेवारीत, घाम आलेला मी पाहिला. त्यांनी दाढीवरून हात फिरवला, छताकडे पाहिलं, दाराकडे पाहिलं. मग बायकोकडे पाहून म्हणाले, "आधी घरी चल, मग गातो."

मामी जे हसल्या ते पातेलं मांडीवरून घरंगळेपर्यंत. फ्रीजचा विषय त्या गडबडीत राहून गेला आणि दुसऱ्या दिवशी मला सुरमई टाकून द्यावी लागली.

महिन्याभराने दोघं गेले, मामूंचा इकामा जमा करून. नवा ड्रायव्हर नेपाळचा आहे, शांत मुलगा. मामूंनी एक पेनड्राइव्ह त्याच्याकडे देऊन ठेवला आणि वेळापत्रक समजावून सांगितलं. गुरुवारी अजूनही डीजे लागतो. मामूंच्या घरी गच्चीचं काम चाललंय, मामी फोन करून सांगतात. त्या रोज सकाळी भाकरी थापताना खुशाल मोठ्याने गातात. शेजारी काही म्हणत नाहीत; या गाण्यावरून मामूंसमोर तोंड उघडायचं नाही, हे त्यांना ठाऊक आहे.

"आणि मामूंनी गायलं का?" मी दर शुक्रवारी विचारते.

"कुठलं," मामी म्हणतात. "आधी म्हणाले गच्ची होऊ दे. मग म्हणाले घसा बसलाय. आता म्हणतात, घरात माणसं आहेत. माणसं म्हणजे मी."

मागच्या आठवड्यात मामूंनी स्वतः फोन घेतला. मी सरळ मुद्द्यावर आले. "मामू, कागदावर सगळ्यांच्या नावापुढे खूण झाली आहे. तुमची जागा मोकळी आहे."

"ठेवा की मोकळी."

"मोकळी जागा मला चालत नाही, हे तुम्हाला माहीत आहे."

"मग आधी तुम्ही घरी या, सिस्टरबाय," मामू म्हणाले, "मग गातो."

मागून मामींचा पातेल्यावर ठेका ऐकू येत होता.

कागद अजून फ्रीजवर आहे. मामूंचं गाणं: बाकी. त्याखाली मी काल एक ओळ वाढवली. रत्नागिरीची तिकिटं काढणे. यजमानांची रजा मंजूर व्हायची आहे.